काळ्यांचे घर आणि गोरा निर्माता

नॉर्मन लिअर (१९२२-२०२३) हे अमेरिकेतील टेलिव्हिजनचे लेखक. 'डिव्होर्स अमेरिकन स्टाइल' (१९६७) या चित्रपटाची पटकथा त्यांचीच. पुढे निर्माते म्हणून १९७१ च्या 'ऑल इन द फॅमिली'मधून त्यांनी गोऱ्या कामगाराचा वंशद्वेष घराघरांत उघडा पाडला. हे श्रेय त्यांना दिलेच पाहिजे.

प्रश्न उभा राहतो तो 'गुड टाइम्स'पाशी (१९७४). शिकागोच्या गरीब वस्तीतील काळे कुटुंब. कल्पना एरिक माँटी व माइक इव्हान्स या काळ्या लेखकांची. आईची भूमिका करणाऱ्या एस्थर रोल यांनी अट घातली, घरात बाप हवा. बापाविना काळे घर हे गोऱ्यांचे लाडके चित्र त्यांनी मोडले. पण प्रेक्षक हसतात म्हणून थोरल्या जे.जे.चा विदूषक होत गेला. बापाचे काम करणारे जॉन अ‍ॅमॉस याविरुद्ध भांडले. १९७६ मध्ये त्यांना काढले गेले, आणि पडद्यावर बाप अपघातात मेला! भांडून मिळवलेला बाप असा गेला.

लिअर यांची सहानुभूती खोटी नव्हती. पण अखेरचा शब्द निर्मात्याचा होता. सहानुभूतीच्या साहित्यावर आपल्याकडे वाद घालणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे. १९७७ मध्ये रोलही बाहेर पडल्या. १९७८ मध्ये परतल्या, त्या जे.जे.ला शहाणा करण्याची अट घालूनच.