आग्नेयेकडून वायव्येकडे : कालप्रवासाच्या नकाशाविषयी

एच. जी. वेल्स यांची ‘द टाइम मशीन’ (१८९५) वाचलेल्यांना तिच्या शेवटाची आठवण राहते ती वीनाने दिलेल्या दोन पांढऱ्या फुलांमुळे. इ. स. ८,०२,७०१ मधून परतलेल्या कालप्रवाशाच्या खिशात ती निघतात, आणि त्याच्या कहाणीचा पुरावा म्हणून आपण ती मान्य करतो. मला मात्र त्याच प्रकरणांत ओझरता येऊन गेलेला दुसरा पुरावा अधिक मोलाचा वाटतो. यंत्र निघाले प्रयोगशाळेच्या आग्नेय कोपऱ्यातून. परतले ते वायव्येला, भिंतीलगत. मधल्या मुक्कामात मॉरलॉकांनी ते हिरवळीवरून ओढत पांढऱ्या स्फिंक्सच्या चौथऱ्यात नेऊन ठेवले होते. म्हणजे खोलीतले हे सरकलेले अंतर आणि आठ लाख वर्षांनंतरच्या हिरवळीपासून चौथऱ्यापर्यंतचे अंतर एकच. हा हिशेब कालप्रवासी स्वतःच मांडतो.

याला मी काळाचा नकाशा काढण्याची रीत म्हणतो. शेताची मोजणी करणारा भूकरमापक आधी न हलणारी खूण शोधतो, मग साखळी टाकतो. वेल्स यांनी जागा हीच पक्की खूण धरली आणि काळ तिच्यावरून वाहू दिला. पहिल्याच प्रकरणात याची तयारी आहे : वायुभारमापकाच्या पाऱ्याची चढउतार कागदावर रेघ होऊन उमटते, तेव्हा त्या रेघेची एक बाजू काळच असते, असे प्रवासी मित्रांना समजावतो. मिन्कोव्स्की यांचे अवकाश-काळावरील प्रसिद्ध व्याख्यान १९०८ चे. त्याच्या तेरा वर्षे आधी एक कादंबरीकार हे लिहीत होता.

पृथ्वी सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने सूर्याभोवती फिरते, मग यंत्र त्याच जागी कसे राहील, हा आक्षेप जुना आहे आणि बरोबरही आहे. पण त्याने कथेचे काही बिघडत नाही. वेल्स यांच्या नकाशाचा आरंभबिंदू रिचमंडमधल्या एका घरात ठोकलेला आहे, एवढे मान्य केले की पुढचे सगळे जुळते.

किती जुळते, ते पाहण्यासारखे आहे. भविष्यात थेम्स नदी आपल्या पात्रापासून सुमारे मैलभर सरकलेली आहे. वॉन्ड्सवर्थ आणि बॅटर्सी जिथे असायला हवेत तिथे खाडीचे पाणी दिसते. हिरव्या चिनी मातीचा प्रासाद सात-आठ मैलांवर असेल असा प्रवाशाचा अंदाज असतो, प्रत्यक्षात चाल अठरा मैलांच्या जवळपास भरते. जुना नकाशा डोक्यात घेऊन नव्या भूमीवर चालणारा माणूस असाच चुकतो. या चुकीमुळेच मला ती भूमी खरी वाटते.

या रीतीला मोठी मर्यादाही आहे. यंत्राच्या तबकड्या फक्त दिवस मोजतात : सुटे, हजारांनी, दशलक्षांनी. मधल्या आठ लाख वर्षांत काय घडले ते त्यांवर उमटत नाही. म्हणून एलॉय आणि मॉरलॉक हे दोन वंश कसे झाले याचे तर्क प्रवाशाला वारंवार बदलावे लागतात. अंतर कळले, वाट कळली नाही.

जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’मध्ये नेमके उलटे आहे. तिथे वर्ष तेच, मुंबईही ओळखीची, बदललेला आहे तो इतिहास. या कथेबद्दल बोलताना शेवटी येणारे कॅटॅस्ट्रॉफी सिद्धान्ताचे स्पष्टीकरण आणि बखरीचे फाटके पान यांवरच आपण रेंगाळतो. माझ्या मते कथेचा कणा ग्रंथालयात आहे. एनसीईआरटीच्या अकरावीच्या पाठ्यपुस्तकात असलेल्या तिच्या इंग्रजी रूपात, ‘द अ‍ॅडव्हेंचर’मध्ये, गंगाधरपंत इतिहासाचे पाच खंड काढून बसतात. औरंगजेबाच्या मृत्यूपर्यंतचे चार जसेच्या तसे. मग पाचवा खंड ते दोन्ही टोकांकडून आत वाचत येतात आणि पानिपतावर, विश्वासरावांना चाटून गेलेल्या गोळीपाशी, पोचतात. दोन टोकांकडून मोजत येऊन फाटा पकडण्याची ही रीत इतिहासकाराची आहे, यंत्राची नव्हे.

अर्थात त्यासाठी पुस्तके शाबूत असावी लागतात. वेल्स यांचा प्रवासीही त्या हिरव्या प्रासादात एका दालनात शिरतो. भिंतींवर तपकिरी, जळक्यासारख्या चिंध्या लोंबत असतात. त्या पुस्तकांच्या आहेत हे त्याच्या ध्यानात यायला थोडा वेळ लागतो.