कुलुपातली पाटी

दिवाळी अंकात टीकालेख दिसला की वाचक एखाद्या कादंबरीची किंवा कवितासंग्रहाची अपेक्षा करतो. मी आज ज्या निर्मितीविषयी लिहिणार आहे, तिला अद्याप कोणी वाङ्मयाच्या पंक्तीला बसविलेले नाही. टीव्हीला जोडून मुले ज्यावर व्हिडिओ गेम खेळतात, त्या यंत्रावर कंपनीच्या परवानगीवाचून हौशी माणसे स्वतःचे प्रोग्राम लिहितात आणि चालवितात. या प्रोग्रामांना 'होमब्रू' म्हणतात. शब्दाचा मूळ अर्थ घरी केलेली बिअर. सणासुदीला तो अर्थ फार ताणू नये. आपण सरळ 'घरगुती' म्हणू. शब्द तसा जुना आहे. १९७५ साली कॅलिफोर्नियातल्या एका गॅरेजमध्ये हौशी मंडळींचा 'होमब्रू कॉम्प्युटर क्लब' भरू लागला, आणि पुढे ॲपल काढणारा स्टीव्ह वॉझ्नियॅक त्याच मंडळींत बसत असे.

या घरगुती प्रोग्रामांविषयी आपल्याकडे दोनच तऱ्हेचे बोलणे ऐकू येते. वडीलधारी म्हणतात, ही चोरी. मुले म्हणतात, हा चमत्कार. यांपैकी एकही मत म्हणजे टीका नव्हे. टीकाकाराने विचारावयाचे ते एवढेच, की या लोकांनी बनविले काय आणि ते कितपत चांगले आहे?

हा प्रश्न नीट मांडण्यासाठी मला आपल्या घरच्याच एका उदाहरणाकडे जावे लागते. जाते दळण्यासाठी असते. पाथरवटाने ते घडविले तेव्हा त्याच्या मनात फक्त पीठ होते. पण पहाटे त्या खुंट्याला हात लावणाऱ्या बायकांनी त्यावर ओवी गाइली. साने गुरुजींनी 'स्त्रीजीवन'मध्ये त्या ओव्या गोळा केल्या. पुढे पुण्यात गी प्वातव्हाँ आणि हेमा राईरकर यांच्या कामातून खेडोपाडीच्या एक लाखाहून अधिक ओव्या नोंदल्या गेल्या. ज्या कामासाठी साधन बनले त्याहून निराळे काही त्यातून काढणे ही माणसाची फार जुनी खोड आहे, आणि आपल्या वाङ्मयाचा मोठा भाग या खोडीने दिलेला आहे.

फरक एवढाच की पाथरवटाने जात्याला कुलूप घातले नव्हते. आजचे खेळयंत्र मात्र कुलूप घालूनच विकले जाते. तबकडी आत घातली की यंत्र प्रथम तीवर कंपनीची खूण शोधते. खूण सापडली तर खेळ सुरू, नाही तर नकार. आतमध्ये एक पुरा संगणक असतो, पण विकत घेणाऱ्याला त्यावर एक ओळही लिहिता येत नाही. पाटी दिली आणि पेन्सिल ठेवून घेतली, असा हा व्यवहार आहे.

कंपन्यांना ही गोष्ट ठाऊक नव्हती असे मात्र नाही. सोनीने २००० साली युरोपात प्लेस्टेशन २ विकले, तेव्हा सोबतच्या तबकडीत 'याबेसिक' नावाची एक छोटी प्रोग्राम-भाषा दिली होती. २००२ साली त्याच यंत्रासाठी कीबोर्ड, माऊस आणि हार्ड डिस्क यांच्यासह लिनक्सचा संच विकला. प्लेस्टेशन ३ वर तर दुसरी कार्यप्रणाली बसविण्याची सोय आरंभापासून होती. तिच्या बळावर अमेरिकेत गौरव खन्ना या भौतिकशास्त्रज्ञाने २००७ साली अशी आठ यंत्रे एकत्र जोडून कृष्णविवरांची गणिते केली. पण एप्रिल २०१० मध्ये एका अपडेटने ती सोय काढून घेतली. दिलेली पेन्सिल वर्गात मध्येच हिसकावून घ्यावी तसे हे झाले. घरगुती लेखकांचा राग निव्वळ फुकट्यांचा राग नव्हता, हे समजण्यासाठी एवढा इतिहास पुरे.

आता आमच्या कोलशेतकडे येतो. ठाण्याचे हे खाडीकाठचे गाव. आगरी-कोळ्यांचे गावठाण अजून आहे. जिथे एके काळी सॅन्डोझचा आणि मागाहून क्लॅरिअंटचा रसायनांचा कारखाना होता तिथे आता निवासी मनोरे उभे आहेत. गावठाण काय आणि मनोरा काय, माळ्यावर एखादे जुने प्लेस्टेशन २ दोन्हीकडे निघते. जगात या यंत्राचे १५ कोटींहून अधिक नग खपले आणि जानेवारी २०१३ मध्ये त्याचे उत्पादन थांबल्याची बातमी आली. माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याने असेच एक यंत्र पुसूनपासून चालू केले आणि त्यावर घरगुती प्रोग्राम बसविण्याचा घाट घातला. मी शाळामास्तर, शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे. तरी बाजूला बसून सारे पाहिले. ते असे.

या यंत्राचे कुलूप उघडण्याची जुनी रीत म्हणजे आतल्या पट्टीवर एक चिप डाग देऊन बसविणे. लॅमिंग्टन रोडवर हा एक धंदाच होता. पण २००८ साली 'फ्री एमसी बूट' नावाचा प्रोग्राम आला आणि डाग देण्याची गरज संपली. सुरू होताना हे यंत्र आपल्या मेमरी कार्डावर कंपनीची काही नवी सुधारणा आहे का ते पाहते. हा प्रोग्राम नेमका त्या सुधारणेच्या जागी जाऊन बसतो. मौज अशी की एका कार्डावरून दुसऱ्या कार्डावर तो नुसता उतरवून चालत नाही. प्रत्येक कार्डासाठी तो निराळा बांधावा लागतो. शिवाय अगदी शेवटच्या नमुन्यांवर तो चालत नाही. मग पहिल्यांदा आत शिरावयाचे कसे? त्याची वाट २०२० साली सापडली. यंत्रातील डीव्हीडी चित्रपट दाखविणाऱ्या प्रोग्रामात एक चूक आहे. ती हेरून तयार केलेली 'फ्री डीव्हीडी बूट' ही तबकडी साध्या संगणकावर उतरवून घ्यावी आणि आत घालावी. यंत्र चित्रपट समजून ती उघडते आणि दार उघडे पडते. तेथून फाइली दाखविणारा एक प्रोग्राम चालतो आणि त्यातून कार्डावर कायमची सोय करता येते. पुढे पेन ड्राइव्हवर आपला प्रोग्राम आणावा आणि चालवावा. काही नमुन्यांवर एक अट असते: यंत्राची भाषा इंग्रजी ठेवावी लागते. या अटीकडे मी पुन्हा येणार आहे.

या घरगुती मंडळींची प्रतिभा प्रथम दिसते ती कुलूप उघडण्याच्या तऱ्हेत. निन्टेन्डोच्या वी या यंत्राचे उदाहरण कोणत्याही कथालेखकाला हेवा वाटावा असे आहे. त्यावरील 'झेल्डा' मालिकेतल्या एका खेळात नायकाला एक घोडी आहे आणि तिचे नाव खेळणाऱ्याने ठेवावयाचे असते. २००८ साली काही जणांनी खेळाची अशी एक नोंद बनविली, की तिच्यात घोडीचे नाव बेसुमार लांब होते. नावासाठी राखलेल्या जागेत ते मावेना. ते शेजारच्या जागेत सांडले, आणि त्या सांडलेल्या अक्षरांतच नव्या प्रोग्रामाचा रस्ता होता. एका घोडीच्या नावाने किल्ल्याचा दरवाजा उघडला! मागाहून कंपनीने ही वाट बुजविली, तोवर त्या मंडळींनी 'होमब्रू चॅनेल' नावाचे आपले स्वतंत्र दालन तिथे थाटलेही होते.

या विषयावर अस्सल साहित्यगुण असलेले एक पुस्तकही आहे. अँड्र्यू हुआंग या तरुणाने २००२ साली मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्समधील दोन चिपांच्या दरम्यान धावणारी गुप्त किल्ली वाचून काढली, आणि 'हॅकिंग द एक्सबॉक्स' हे पुस्तक लिहिले. कायद्याच्या धास्तीने ठरलेल्या प्रकाशकाने अंग काढून घेतले. तेव्हा त्याने ते स्वतःच काढले, आणि नंतर २००३ साली एका लहान प्रकाशनसंस्थेने हाती घेतले. दहा वर्षांनी, ॲरन स्वार्ट्झ या तरुणाच्या मृत्यूनंतर, त्याच्या स्मरणार्थ लेखकाने पुस्तक सर्वांना विनामूल्य खुले केले. या पुस्तकाचा मोठा गुण शिक्षकाचा आहे. स्क्रू कसा काढावा आणि डाग कसा द्यावा येथपासून तो वाचकाला हाताला धरून नेतो. वाचक अडाणी आहे असे कुठेही सुचवीत नाही. आमच्या पाठ्यपुस्तकांच्या लेखकांनी हा स्वर ऐकावा.

आता मूळ प्रश्न. कुलूप उघडल्यावर बनविले काय? जमेच्या बाजूला एक मोठी रक्कम मांडली पाहिजे. कुलूप उघडलेल्या एक्सबॉक्सवर काही हौशी लोकांनी चित्रपट आणि गाणी लावण्याचा एक घरगुती प्रोग्राम लिहिला. २००३ पासून तो एक्सबॉक्स मीडिया सेंटर म्हणून ओळखला गेला, पुढे यंत्रामागून यंत्रावर गेला, आणि २०१४ साली त्याचे नाव 'कोडी' झाले. आज टीव्हीच्या डब्यांवर तो वापरणाऱ्या कित्येकांना त्याचे आजोळ ठाऊक नसेल. घरच्या चुलीवरचा पदार्थ पंगतीला गेला, तो असा.

पण खर्चाची बाजू याहून मोठी आहे, आणि ती झाकणे टीकाकाराला शोभणार नाही. उघडलेल्या शंभर कुलपांपैकी बहुतेक केवळ फुकटचे खेळ खेळण्यासाठी उघडली गेली, हे उघड गुपित आहे. ओवी गावयाची म्हणून जाते मागून आणले आणि शेजाऱ्याचे पीठ पळविले, असा हा प्रकार. आपल्या कायद्याने हा भेद चांगला ओळखला आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली ६५-अ हे कलम आले. हक्कांचा भंग करण्याच्या हेतूने तांत्रिक कुलूप मोडणाऱ्याला त्यात दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड सांगितला आहे. येथे 'हेतू' हा शब्द कळीचा आहे. पालकांनी मुलाला विचारावयाचा प्रश्नही तोच: कुलूप उघडलेस ते कशासाठी?

दुसरा दोष अंतरंगाचा आहे. घरगुती म्हणून जे मिरवते त्यात नक्कल फार. जुन्या यंत्रांचे खेळ नव्या यंत्रावर चालविणे, 'डूम' हा खेळ प्रत्येक नव्या यंत्रावर चालवून दाखविणे, यातच पुष्कळांची हौस फिटते. कसब पुष्कळ, सांगावयाचे थोडे. वर्गात निबंधाच्या वह्या तपासताना गाइडातून उतरविलेले सुंदर हस्ताक्षर पुढे येते, तेव्हा जे वाटते तेच येथे वाटते.

आणि तिसरा दोष, तो आपला. आपल्या घरोघरी ही यंत्रे आली, कुलपेही उघडली. पण त्यांवर आपल्या भाषेतले म्हणून एखादे अक्षर उमटलेले माझ्या पाहण्यात नव्हते. परवान्याच्या बाजारातही चित्र फारसे निराळे नव्हते. २००९ साली हैदराबादेत 'हनुमान: बॉय वॉरियर' हा प्लेस्टेशन २ चा खेळ तयार झाला, त्याचे नावसुद्धा इंग्रजी. यंत्राची भाषा इंग्रजी ठेवा, ही त्या तबकडीची अट आम्ही न सांगताच पाळत आलो होतो.

म्हणून माझ्या विद्यार्थ्याच्या प्रोग्रामाची येथे नोंद करतो. त्याने प्रथम पडद्यावर गावाचे नाव उमटविले ते रोमन लिपीत, कारण प्रोग्रामाजवळ तीच अक्षरे होती. मी म्हटले, "अरे, आपल्या लिपीत लिही की." तो म्हणाला, "सर, मराठी अवघड आहे. वेलांटी लिहितो अक्षराच्या आधी, उच्चारतो नंतर. रफार जातो पुढच्या अक्षराच्या डोक्यावर. यंत्राला हे सारे शिकवावे लागेल." बोलणे खरे होते. पण आठवड्याने तो गणिताची चौकटीची वही घेऊन आला. तीत त्याने एकेक घर काळे करून 'कोलशेत' हा शब्द काढला होता; त्याच घरांचे आकडे करून प्रोग्रामात भरले, आणि काळ्या पडद्यावर पांढरी, जराशी दातेरी अक्षरे उभी राहिली. 'शे'ची मात्रा किंचित कलली होती.

टीकाकार या नात्याने सांगतो, कृती म्हणून ती अगदी लहान आहे. तीत हालचाल नाही, खेळ नाही. एक शब्द तेवढा आहे. तरी त्या यंत्रावर मी पाहिलेल्या भारी खेळांहून तिला माझ्या लेखी अधिक मोल आहे, कारण तिच्यामागे उतरविलेले काही नाही. आता त्याने 'बदाम सात' करावयास घेतले आहे. निवड उत्तम आहे: नियम लहान मुलाला कळतील असे, चित्रे बावन्नच, आणि चार जण एकत्र बसल्यावाचून रंग भरत नाही. यंत्राची मेमरी ३२ मेगाबाइट, आजच्या मोबाइलपुढे चिमूटभर. पण बावन्न पत्ते आणि बाराखडी तीत आरामात मावतात.

तेव्हा निकाल असा. घरगुती प्रोग्राम ही निर्मितीची खरी वाट आहे, पण आजवरचे पीक तणाने भरलेले आहे. कुलूप उघडणे हा तिचा आरंभ आहे, आणि आपल्याकडे बहुतेकांनी आरंभालाच शेवट मानले. घरात एखादे जुने यंत्र धूळ खात असेल तर ते भंगारात घालण्यापूर्वी घरातल्या जाणत्या मुलाच्या स्वाधीन करावे. त्याला एकच अट घालावी: दुसऱ्याचे खेळ चोरावयाचे नाहीत, आणि पहिला शब्द आपल्या लिपीत लिहावयाचा. मात्रा कलली तरी चालेल. ती सरळ कशी करावयाची ते त्याचे त्याला कळेल.