वैद्यकीय नोंदी, खासगीपणा आणि माहितीचा अधिकार : एका निकालाची चिकित्सा

प्रस्तावना :
माहितीचा अधिकार अधिनियम १२ ऑक्टोबर २००५ रोजी पूर्णपणे अंमलात आला. शासकीय दप्तरातील व्यक्तिगत माहिती नागरिकास द्यावी किंवा नाही, हा या कायद्याखालील सर्वांत जटिल वाद होय. त्यातील एका आरंभीच्या निकालाचा संबंध खानदेशाशी आहे. १ जुलै १९९८ पर्यंत धुळे जिल्ह्यात असलेल्या नवापूरचे लोकप्रतिनिधी व माजी मंत्री सुरूपसिंग नाईक यांच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने मार्च २००७ मध्ये हा निकाल दिला. त्याचे सामर्थ्य व मर्यादा तपासणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

पार्श्वभूमी :
वनमंत्री असताना सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध लाकूड उद्योगांना परवानगी दिल्याबद्दल त्या न्यायालयाने मे २००६ मध्ये नाईक यांना अवमानाबद्दल एक महिन्याची शिक्षा ठोठावली. शिक्षेचे बहुतांश दिवस मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात गेले. एका नागरिकाने त्या काळातील वैद्यकीय नोंदी मागितल्या. खासगीपणाचा हक्क आणि रुग्णाविषयी गुप्तता राखण्याचा वैद्यकीय परिषदेचा नियम, या दोन आधारांवर त्यास हरकत घेण्यात आली.

चिकित्सा :
परिषदेचे नियम अधिनियमावर मात करू शकत नाहीत, असे न्यायालयाने स्पष्ट केले. दुसरा मुद्दा अधिक महत्त्वाचा आहे. कलम ८(१)(ञ) च्या परंतुकानुसार जी माहिती संसदेस वा विधिमंडळास नाकारता येत नाही, ती कोणत्याही व्यक्तीस नाकारता येत नव्हती. हा धागा धरून, शिक्षा भोगणाऱ्या कैद्याच्या रुग्णालयीन नोंदी सर्वसाधारणपणे द्याव्यात आणि अपवादात्मक प्रसंगी, कारणे लेखी नोंदवूनच नाकाराव्यात, असे तत्त्व न्यायालयाने सांगितले. येथे प्रश्न आजाराविषयीच्या कुतूहलाचा नव्हता. शिक्षेची अंमलबजावणी सर्वांसाठी समान होते काय, हा होता. निकालाचे सामर्थ्य या भेदात आहे.

तथापि, हे परंतुक केवळ (ञ) या खंडापुरतेच आहे, असाही अर्थ न्यायालयाने लावला. त्या वेळी ही तांत्रिक बाब वाटली. पुढे तीच निर्णायक ठरली.

'गिरीश देशपांडे' प्रकरणात (२०१२) अकोल्याच्या भविष्य निर्वाह निधी कार्यालयातील एका अधिकाऱ्याच्या शिस्तभंगविषयक नोंदी व मालमत्तेचा तपशील मागितला गेला. ही व्यक्तिगत माहिती असून व्यापक लोकहित सिद्ध झालेले नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. परंतुकाची कसोटी मात्र तेथे लावलेली दिसत नाही. २०१९ मध्ये घटनापीठाने वैद्यकीय नोंदींचाही व्यक्तिगत माहितीत समावेश केला. लोकहितासाठीची वाट तेवढी खुली ठेवली.

डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण अधिनियम, २०२३ च्या कलम ४४(३) ने मूळ खंड बदलून 'व्यक्तिगत माहितीशी संबंधित माहिती' एवढाच अपवाद ठेवला. नोव्हेंबर २०२५ मध्ये हा बदल अंमलात आला. परंतुक खंडाचाच भाग मानले, तर खंडाबरोबर तेही गेले, असा युक्तिवाद आता शासनास उपलब्ध होतो. ज्या निकालाने परंतुकास बळ दिले, त्यानेच त्याची कक्षा आखून घेतली, ही त्याची खरी मर्यादा होय.

खासगीपणा हा २०१७ पासून न्यायालयाने मान्य केलेला मूलभूत हक्क आहे. त्याचे मोल कमी लेखून चालणार नाही. परंतु दोन हक्कांचा तोल साधणे आणि एकाची कसोटीच काढून टाकणे, या भिन्न गोष्टी आहेत.

समारोप :
आज नागरिकाच्या हाती दोन तरतुदी उरतात. कलम ८(२) नुसार लोकहित संभाव्य हानीपेक्षा अधिक असल्यास माहिती देता येते. मात्र तो निर्णय सार्वजनिक प्राधिकरणाचा आहे. कलम १९(५) नुसार अपिलात नकाराचे समर्थन करण्याची जबाबदारी जन माहिती अधिकाऱ्यावर असते. धुळे येथील अर्जदाराने अर्जातच लोकहित मांडावे आणि अपिलात लेखी कारणांचा आग्रह धरावा, हे यातून निष्पन्न होते. दंडित मंत्र्याची शिक्षा तुरुंगात भोगली गेली की रुग्णालयात, हे विचारण्याचा अधिकार शाबूत राहणे हीच या कायद्याची परीक्षा आहे.