ते म्हणजे मी

आमच्या डोंबिवलीत वाढदिवस लपून राहत नाही. फडके रोडच्या तोंडाशी फलक लागतो. मधोमध उत्सवमूर्ती हात जोडून उभी, डोळ्यांवर काळा चष्मा, वर ‘कार्यसम्राट’ ही अक्षरं आणि खाली टिकलीएवढ्या फोटोंची रांग: शुभेच्छुक. फलकाचे पैसे कोण देतो हे छापणाऱ्याला ठाऊक असतं, शुभेच्छुकांना ठाऊक असतं आणि भाजीची पिशवी घेऊन खालून जाणाऱ्या माझ्यासारख्यालाही ठाऊक असतं. त्यामुळे फसवणूक कुणाचीच होत नाही. शिवाय आठवड्याने फलक उतरतो. पावसाळ्यात मागच्या गल्लीतल्या गॅरेजवर त्याचं छप्पर होतं आणि कार्यसम्राट आयुष्यात प्रथमच कुणाच्या तरी उपयोगी पडतात.

ज्ञानकोशाचं तसं नाही. तो उतरत नाही.

हे सगळं सुचायचं कारण आमचे कविराज. त्यांचं खरं नाव सांगत नाही. रोज एकाच डब्यातून जायचं आहे. परवा कोपर स्टेशन गेलं आणि त्यांनी मोबाईल माझ्या नाकासमोर धरला.

“वाच.”

मराठी विकिपीडियावर चक्क कविराजांवर लेख! ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो, की हा कुणीही लिहावा आणि कुणीही दुरुस्त करावा असा फुकटातला ज्ञानकोश. मूळ इंग्रजी २००१ सालचा. मराठी आवृत्ती सुरू झाली ती १ मे २००३ ला, म्हणजे बरोब्बर महाराष्ट्र दिनी. आज तिच्यात लाखाच्या घरात लेख आहेत, लिहिणारे हात मात्र मूठभर. त्या मुठीत कविराजांचाही हात असेल अशी मला तोवर शंका नव्हती.

लेख वाचला. वाङ्मयाच्या दृष्टीने पाहिलं तर पहिल्या वाक्यात सहा विशेषणं आहेत आणि एक क्रियापद. तेही दमलेलं. ‘अष्टपैलू’ आणि ‘बहुआयामी’ हे दोन्ही शब्द शेजारी शेजारी बसवले आहेत, न जाणो एखादा पैलू आयामातून निसटायचा! पुढे ‘रसिकमान्य’, ‘संवेदनशील’, ‘ठाणे जिल्ह्याचे भूषण’. पुराव्यादाखल तीन संदर्भ. पहिला, कविराजांच्या संग्रहाचं मलपृष्ठ. दुसरा, एक स्मरणिका, जिचे संपादक कविराज. तिसरा, मेहुण्यांच्या साप्ताहिकातली मुलाखत. मी वाणिज्य शाखेचा माणूस, मला नावे आणि जमा या दोन्ही बाजू बघायची खोड. इथे जमेची बाजू दुथडी भरून वाहत होती आणि नावेची बाजू कोरी. असा ताळेबंद आमच्या शाखेत कुणी आणला तर साहेब त्याला आधी पाणी देतात आणि मग दार बंद करतात.

जन्मसाल १९८४. आम्ही दोघं दहावीला एका बाकावर होतो, सन १९९४. म्हणजे कविराज दहाव्या वर्षी दहावी झाले. परीक्षेच्या नावाला एवढा जागलेला विद्यार्थी मंडळाला दुसरा मिळाला नसेल.

“कुणी लिहिलं रे?” मी विचारलं.

“लोकांनी! लोकांचाच कोश तो.”

दिवा आलं. गर्दीत माझा एकच अंगठा मोकळा होता, त्याने मी वरचं ‘इतिहास’ हे बटण दाबलं. हे या कोशाचं वैशिष्ट्य. कोणता बदल कुठल्या खात्याने किती वाजता केला याची जंत्री तिथे कायम उघडी. जंत्रीत शेवटपर्यंत एकच नाव होतं, आणि ते नाव कविराजांच्या पहिल्या संग्रहाचं होतं. सगळे बदल रात्री साडेअकरा ते एक या वेळेतले. ‘लोक’ एकटेच जागत होते.

मुंब्र्यापर्यंत कविराज गप्प होते. मग म्हणाले, “साल सोड. पण बाकीच्यात खोटं काय आहे? तीन संग्रह आहेत, पुरस्कार आहे. कुणी लिहीत नाही म्हणून मी लिहिलं. गुन्हा केला?”

प्रश्न साधा वाटतो, पण ठाणं आलं तरी मला उत्तर सुचलं नाही. ते सापडलं काउंटरवर बसल्यावर. नोकरीला लागलो त्या वर्षी एकदा दुपारी गर्दी नव्हती. माझेच दोन हजार रुपये माझ्याच खात्यात भरायचे होते. स्लिप भरली, नोटा मोजल्या आणि नोंद करायला बसलो. मागून साहेबांचा आवाज आला, “तिकडे पलीकडे जाऊन रांगेत उभे राहा.” मी दुखावलो. म्हटलं, “साहेब, पैसे माझे, खातं माझं, पैसे काढत नाही, भरतोय. मी काय चोर आहे?” साहेब म्हणाले, “चोर असता तर इतकं समजावलं नसतं. उद्या तुमच्या खात्यात फरक निघाला, तर तुमच्या बाजूने बोलायला दुसऱ्याची सही नको का?”

ती दुसरी सही खोट्या माणसाला पकडायला असते असं मला वाटत होतं. ती खऱ्या माणसाला वाचवायला असते हे मला तेव्हा कळलं. कविराजांचा पुरस्कार खरा आहे. तो मंडळाने दिला तेव्हा मी टाळ्या वाजवल्या आहेत. पण शेजारी खोटं जन्मसाल आणि सहा विशेषणं त्याच हाताची बसली, की वाचणारा म्हणतो, पुरस्कारही घरचाच असेल. आपण आपल्याविषयी लिहिलेलं खरंसुद्धा खोट्याच्या भावाने जातं.

समर्थांनी दासबोधातल्या मूर्खलक्षणांत आत्मस्तुतीला जागा दिली आहे. पण समर्थांच्या काळी आत्मस्तुती करणाऱ्याला निदान स्वतःचं तोंड वापरावं लागे. आता तो सगळ्या गावाचं तोंड वापरतो. माझी तक्रार आहे ती एवढीच. स्वतःविषयी लिहायला कुणाची हरकत आहे? ज्ञानकोशकार श्रीधर व्यंकटेश केतकरांनीही लिहिलं. २३ खंडांचा महाराष्ट्रीय ज्ञानकोश उभा करून १९२७ मध्ये त्यांनी त्याची हकिकत छापली आणि पुस्तकाला नाव दिलं ‘माझें बारा वर्षांचें काम’. बघा, नावातच ‘माझें’! वाचणाऱ्याने काय वजा करायचं ते मुखपृष्ठावरच सांगितलं.

हा मोह थोरामोठ्यांनाही सुटलेला नाही. खुद्द विकिपीडियाचे संस्थापक जिमी वेल्स यांनी २००५ मध्ये आपल्याच लेखात हात घालून, लॅरी सँगर हे सहसंस्थापक असल्याचा उल्लेख काढला. तो त्या ‘इतिहासा’त सापडला आणि वेल्सना जाहीर खेद व्यक्त करावा लागला. कोश काढणाराच कोशात सापडला!

यात हसण्यासारखं आहे तोवर हसावं. पण आपल्या देशातलंच एक उदाहरण हसण्यासारखं नाही. दिल्लीच्या आयआयपीएम या व्यवस्थापन संस्थेच्या पानभर जाहिराती आपण सगळ्यांनी पाहिल्या. २०१४ च्या सप्टेंबरात दिल्ली उच्च न्यायालयाने एमबीए, बीबीए असे शब्द वापरायला तिला मनाई केली. इंग्रजी विकिपीडियावरची तिच्याविषयीची पानं वर्षानुवर्षं सांभाळणारा एक टोपणनावाचा संपादक होता, आणि तो साधासुधा नव्हे, तिथला प्रचालक, म्हणजे आमच्या भाषेत अधिकारी. ही पानं तो संस्थेच्या बाजूने झुकवतो असा ठपका ठेवून तिथल्या लवादाने २०१५ च्या फेब्रुवारीत त्याचे अधिकार काढले आणि त्याला बंदी घातली. मधल्या काळात एखाद्या बापाने भविष्यनिर्वाह निधीतून पैसे काढून मुलाला कॉलेजात घालण्याआधी, जाहिरातीवर विश्वास नको म्हणून कोश उघडला असेल. शहाणपणाने उघडला असेल! कर्जाच्या खिडकीवर असे बाप मी पाहिले आहेत. ते फलकाला भुलत नाहीत, छापील माहितीला भुलतात.

संध्याकाळी हे सगळं कविराजांना सांगितलं. ते उदार मनाने म्हणाले, “मग असं कर, तू माझ्यावर लिही, मी तुझ्यावर लिहितो.” आमच्याकडे याला परस्पर जामीन म्हणतात. मी तुला जामीन, तू मला जामीन आणि बुडाली ती बँक. मी ताठ मानेने नकार दिला.

ताठ मान त्या रात्री अकरापर्यंत टिकली. माझीही दोन पुस्तकं आहेत, म्हटलं दोन ओळी, फक्त वस्तुस्थिती. घरातले झोपल्यावर लिहायला घेतलं: ‘ते मराठीतील एक विनोदी लेखक असून ते डोंबिवलीत राहतात. त्यांची शैली...’ एवढ्यात पाठीमागून आवाज आला.

“अहो, हे ‘ते’ कोण?”

“मी,” मी म्हटलं.

“मग ‘ते’ कशाला? मी अठरा वर्षं अहो-जाहो करते ते पुरत नाही?”

“अगं, ज्ञानकोशात तशीच रीत असते. त्रयस्थासारखं लिहायचं.”

“मग त्रयस्थालाच लिहू द्या की,” ती म्हणाली आणि दिवा मालवून गेली.

अंधारात मी दोन्ही ओळी पुसल्या. ‘विनोदी’ हा शब्द पुसताना मात्र बोट थोडं रेंगाळलं, खोटं कशाला बोलू?

सुदैवाने या कोशात अब्रूने वागायचीही सोय आहे. प्रत्येक लेखाला चर्चेचं वेगळं पान असतं. तिथे ‘मी हाच माणूस, अमुक माहिती चुकली आहे, हा घ्या पुरावा’ असं लिहावं आणि दुसऱ्याच्या सहीची वाट पाहावी. पैसे घेऊन लिहिणाऱ्याने तर तसं जाहीर करणं २०१४ पासून बंधनकारकच आहे. कविराजांना मी हा मार्ग सुचवला. कळव्यापर्यंत विचार करून ते म्हणाले, “विशेषणं काढतो. साल राहू दे.”

पण ते काढायच्या आत कुणीतरी येऊन गेलं होतं. कोण ते ठाऊक नाही. असेल साताऱ्याची एखादी शिक्षिका, नाहीतर न्यू जर्सीत रात्रपाळी करणारा एखादा मराठी मुलगा. त्या हाताने पाच विशेषणं काढली होती. सहावं, ‘संवेदनशील’, ठेवलं होतं आणि त्याच्या डोक्यावर कंसात बारीक अक्षरांत दोनच शब्द चिकटवले होते: ‘संदर्भ हवा’.

“आता संवेदनशीलतेला संदर्भ कुठून आणू?” कविराजांचा आवाज खरोखरच भरून आला होता.

मी म्हटलं, “हाच दे.”