फॅरोचें सोनें आणि जवसाचें वस्त्र

सोलापूर हें कापडाचें गांव आहे. येथील माणसाच्या हातीं नवें वस्त्र दिलें कीं तो आधीं चिमटींत धरून त्याचा पोत पाहतो, मग उजेडाकडे धरून वीण पाहतो, आणि रंग व नक्षी यांकडे त्याचें लक्ष सर्वांच्या मागून जातें. वेषभूषेविषयीं लिहिणाऱ्या टीकाकारांची रीति नेमकी याच्या उलट असते. प्राचीन इजिप्तनें आधुनिक पोशाखावर व दागिन्यांवर केवढी छाप पाडली, या विषयावर गेल्या शंभर वर्षांत पुष्कळ लिहिलें गेलें. पण त्या लेखनांत सोन्याचा मुखवटा, काजळाची लांब रेघ, पंख पसरलेला भुंगा आणि रुंद गळेसर यांपलीकडे फारसें कांहीं आढळत नाहीं. ज्या नदीकांठीं हजारों वर्षें माग चालले, तेथील कापडाचें काय झालें हें कोणी विचारीत नाहीं. आम्हांस तोच प्रश्न विचारावासा वाटतो.

फॅशनचा जो इतिहास सर्वांस परिचित आहे तो थोडक्यांत सांगून पुढें जाऊं. १७९८ सालीं नेपोलियन इजिप्तवर चालून गेला, तेव्हां त्यानें सैन्याबरोबर विद्वानांचें एक पथकही नेलें. त्यांनीं काढलेल्या चित्रांचे अवजड ग्रंथ १८०९ पासून निघूं लागले आणि पॅरिसच्या दिवाणखान्यांतील खुर्च्यामेजांना स्फिंक्स फुटूं लागले. १८२२ सालीं शांपोलियननें चित्रलिपीचें कोडें उलगडलें. त्यानंतर बरोबर शंभर वर्षांनीं, १९२२ च्या नोव्हेंबरांत, हॉवर्ड कार्टरला तुतनखामेनचें थडगें सांपडलें आणि युरोप-अमेरिकेंत इजिप्तची जणूं सांथच आली. कार्टिएच्या पेढीनें खरोखरीच्या प्राचीन तुकड्यांना हिऱ्यांचीं कोंदणें केलीं. १९२५ च्या पॅरिस प्रदर्शनानंतर जी नवी सजावट जगभर पसरली तींतही हा रंग मिसळला. पुढें चित्रपटांनीं हें काम हातीं घेतलें. १९३४ सालीं क्लॉडेट कोल्बर्ट व १९६३ सालीं एलिझाबेथ टेलर यांनीं क्लिओपात्रा रंगविली, आणि टेलरबाईंच्या डोळ्यांची ती रेघ शहरोशहरींच्या मुलींच्या डोळ्यांत उतरली. २००४ सालीं जॉन गॅलियानो यानें दिओरसाठीं नटींना फॅरोचे मुखवटे चढविले. २०१८ च्या डिसेंबरांत कार्ल लागरफेल्ड यानें शनेलचा सोनेरी ताफा न्यूयॉर्कच्या संग्रहालयांतील डेंडूरच्या देवळापुढें मिरविला. तें देऊळ रोमच्या ऑगस्टस बादशहाच्या अमदानींत बांधलेलें आहे. परंतु एवढी चौकशी करण्याची फॅशनला गरज वाटत नसते.

काजळाविषयीं येथेंच एक शब्द सांगून टाकतों. डोळ्यांत काजळ घालणें ही इजिप्तची देणगी, असें मासिकांतून छापलेलें वाचून आमच्या घरांतील आजीबाईंस हसूं आल्यावांचून राहणार नाहीं. इजिप्तचें अंजन शिशाच्या काळ्या दगडाचें, किंवा तांब्याच्या हिरव्या दगडाचें असे. आपलें काजळ तुपाच्या ज्योतीवर धरलेल्या काजळीचें. सुरमा व तें अंजन यांचें नातें जोडल्यास तें कांहीं अंशीं खरें ठरेल. पण डोळ्याच्या कोपऱ्यापलीकडे कानाकडे ओढलेली आजची रेघ आजीच्या कुंच्यांतील डबींतून आलेली नाहीं. ती चित्रपटगृहांतून आलेली आहे.

आतां मुख्य मुद्दा. तुतनखामेनच्या थडग्यांतून पांच हजारांहून अधिक वस्तु निघाल्या आणि त्या बाहेर काढून नोंदण्यास कार्टरला दहा वर्षें लागलीं. त्यांतला दहा-अकरा किलो वजनाचा सोन्याचा मुखवटा सगळ्या जगानें पाहिला. परंतु त्याच थडग्यांत पेट्या भरभरून कपडेही होते. अंगरखे होते, हातमोजे होते, पादत्राणें होतीं आणि शंभराहून अधिक त्रिकोणी लंगोट होते. परलोकीं जातांना राजाला सोन्यापेक्षां रोजच्या नेसूची काळजी अधिक वाटली असावी, असें तें सामान पाहून मनांत येतें. या लंगोटांवरून कोणत्याही शिंप्यानें कल्पना उचलल्याचें आमच्या ऐकिवांत नाहीं. थडग्यांतून सोनें निघालें तसें कापडही निघालें; फॅशननें सोनें उचललें आणि कापड तेथेंच टाकलें.

याहून बोलकी हकीकत तारखानच्या अंगरख्याची आहे. फ्लिंडर्स पेट्री यानें १९१३ च्या सुमारास तारखान येथें उत्खनन केलें आणि तेथील मळकट चिंध्यांचा एक गठ्ठा लंडनला नेला. तो गठ्ठा साठांहून अधिक वर्षें तसाच पडून होता. १९७७ सालीं तो धुवावयास काढला तेव्हां त्यांत एक अंगरखा निघाला. त्याचा गळा पुढून टोंकदार कापलेला असून बाह्यांवर व खांद्यांवर बारीक, एकसारख्या चुण्या घातलेल्या आहेत. पुढें त्याच्या धाग्याची परीक्षा होऊन तो पांच हजार वर्षांहून जुना ठरला. विणलेल्या व शिवलेल्या वस्त्रांत याहून जुनें वस्त्र आज माहीत नाहीं. त्याच्या कोपरांवर व काखेंत वापराच्या सुरकुत्या आहेत. म्हणजे तो प्रेतासाठीं शिवलेला नव्हता; कोणी जिवंत माणूस तो घालून वावरत होता. आमच्या मतें इजिप्तच्या वेषकलेचें सर्व मर्म या एका अंगरख्यांत आहे. पांढरें, पातळ, रंगावांचून सुंदर दिसणारें वस्त्र, आणि त्याला शोभा कसली, तर निव्वळ घडीची. ज्यांच्या घरीं धोतराच्या निऱ्या अजून बोटांनीं मोजून पाडल्या जातात, त्यांना हें सौंदर्य समजावून सांगावें लागणार नाहीं.

हें कापड कसें तयार होई तेंही पहावयास मिळतें. मेकेत्रे नांवाच्या अधिकाऱ्याच्या, सुमारें चार हजार वर्षांपूर्वींच्या थडग्यांत १९२० सालीं लांकडी बाहुल्यांचे देखावे सांपडले. त्यांतील एका देखाव्यांत अख्खा विणकामखाना आहे: कांहीं बाया उभ्यानें सूत कातीत आहेत, कांहीं भिंतीवरील खुंट्यांभोवतीं ताणा फिरवीत आहेत, आणि जमिनीसरशा दोन मागांवर विणकाम चाललें आहे. ताणा करणाऱ्या बाईचें तें चालणें पाहून सोलापूरच्या पूर्व भागांतील कोणाही पद्मशाली आजीस आपलें तरुणपण आठवेल. दुसऱ्या बाजूस, लेखनिकाच्या धंद्याची थोरवी गाणारा एक जुना इजिप्शियन लेख आहे, त्यांत विणकराची दैना वर्णिली आहे. गुडघे पोटाशीं घेऊन तो दिवसभर बसतो, मोकळी हवा त्यास मिळत नाहीं, आणि उजेड पाहण्यासाठीं द्वारपाळास खायला द्यावें लागतें. १८७७ सालीं येथें निघालेल्या जुन्या मिलच्या भोंग्यावर ज्यांच्या वडिलांचे दिवस उगवले व मावळले, त्यांना या वर्णनांत परकें असें काय वाटेल?

हें वस्त्र कशाचें होतें, हा आमच्याकडे अभिमानाचा व गैरसमजाचा विषय होऊन बसला आहे. इजिप्तच्या ममी भारतांतील मलमलींत गुंडाळलेल्या असत, हें वाक्य किती भाषणांतून व किती शालेय निबंधांतून आलें असेल त्याची गणती नाहीं. १८३४ सालींच इंग्लंडांत जेम्स थॉमसन यानें ममींवरील वस्त्रांचे धागे सूक्ष्मदर्शकाखालीं तपासवून घेतले, आणि ते कापसाचे नसून लिननचे, म्हणजे जवसाच्या खोडांतील तंतूंचे आहेत, असें दाखवून दिलें. सोलापूरच्या घरोघरीं ज्या जवसाची चटणी भाकरीबरोबर खाल्ली जाते, तेंच हें जवस. आपण त्याचें बीं खाल्लें व तेल काढलें. नाईलकांठच्या लोकांनीं त्याचें खोड पाण्यांत कुजवून, झोडून, त्याचा धागा केला. आपल्या पूर्वजांसही ही विद्या अपरिचित नव्हती. संस्कृतांतील क्षौम म्हणजे या क्षुमेचें वस्त्र. पण आपल्या हातीं कापूस आला आणि क्षौम मागें पडलें.

खोटा अभिमान सोडल्यास खऱ्या अभिमानास जागा होते. जुन्या कैरोजवळच्या फुस्तात या ठिकाणीं गुजरातेंतील छापील सुती कापडाचे तुकडे विपुल सांपडले आहेत. त्यांपैकीं सुमारें बाराशें ऑक्सफर्डच्या ॲशमोलियन संग्रहालयांत आहेत. ते तांबडे व निळे, मेण वा चिखल लावून रंगविलेले. पण हे फॅरोच्या काळचे नव्हेत. ते मध्ययुगांतील, मुसलमानी अमदानींतील आहेत आणि राजाच्या शवावर नव्हे तर सामान्य नागरिकाच्या अंगावर फाटलेले आहेत. इजिप्तनें आम्हांस काय दिलें याची चर्चा करणाऱ्यांनीं आमचें कापड शतकानुशतकें तिकडे गेलें, हेंही लक्षांत ठेवावें.

आतां बाजाराकडे वळूं. येथील शुक्रवार पेठेंतील एका दुकानांत आम्हांस नुकताच टॉवेलांचा एक जोड दाखविण्यांत आला. खोक्यावर पिरॅमिड, त्यामागें मावळता सूर्य, आणि खालीं 'इजिप्शियन कॉटन' हीं अक्षरें. ज्या गांवच्या चादरीला व टॉवेलाला भौगोलिक निर्देशनाचा कायदेशीर मान मिळाला आहे, त्याच गांवांत टॉवेल विकावयास पिरॅमिड लागावा, याचें आम्हांस नवल वाटलें. पिरॅमिड बांधणाऱ्यांनीं कापूस अंगावर घातला नाहीं, हें वर आलेंच आहे. ज्या लांब धाग्याच्या कापसास आज इजिप्तचें नांव आहे त्याची लागवड महंमद अली पाशाच्या काळीं, १८२० च्या सुमारास, जुमेल नांवाच्या फ्रेंच माणसाच्या उद्योगानें वाढली. आणि त्या जातीचें मूळ दक्षिण अमेरिकेंत आहे. म्हणजे फॅरोच्या चित्राखालीं विकला जाणारा हा माल अमेरिकेच्या वंशाचा, फ्रेंच माणसानें पुढें आणलेला व दोनशें वर्षांच्या वयाचा आहे. कापूस उत्तम आहे, याविषयीं वाद नाहीं. परंतु नांवाची किंमत मालाहून वाढली म्हणजे काय होतें तें २०१६ सालीं दिसलें: चादरींत इजिप्तचा कापूस नाहीं असें आढळल्यावरून अमेरिकेंतील एका बड्या दुकानसंस्थेनें एका भारतीय कारखान्याशीं असलेला व्यवहार तोडला. इकडे कोइमतूर येथें १९७० नंतरच्या दशकांत सुविन नांवाची आपली स्वतःची लांब धाग्याची जात निघाली, तिच्या एका पूर्वजाचें मूळ कर्नाक नांवाच्या इजिप्शियन जातींत आहे. तिचें नांव मात्र खोक्यावर कोणी मोठ्या अक्षरांत छापीत नाहीं.

मग परक्या संस्कृतीपासून कांहीं घेऊंच नये काय? आमचें म्हणणें तसें नाहीं. घेण्याची चांगली रीति पाहावयाची असल्यास मुंबईच्या फोर्टांत न्यू इंडिया अशुरन्सची १९३६ सालची इमारत आहे, तिच्यासमोर दहा मिनिटें उभें राहावें. मास्टर, साठे आणि भुता यांनीं ती बांधली व तिच्यावरील शिल्पकाम ना. ग. पानसरे यांनीं केलें. दर्शनी भागावरील त्या ताठ, उंच, भिंतीशीं एकजीव झालेल्या मूर्ति पाहतांच नाईलकांठच्या देवळांतील राजमूर्ति डोळ्यांपुढें येतात. पण जवळ जाऊन पाहावें तों तेथें ना भुंगा आहे ना नाग. कोरलेले आहेत ते शेतकरी, कुंभार, सूत कातणाऱ्या बाया, असे आपलेच कष्टकरी लोक. पानसऱ्यांनीं इजिप्तपासून दागिना घेतला नाहीं, उभें राहण्याची ढब घेतली. दगडाचा संयम घेतला, आणि तो आपल्या माणसांच्या अंगीं बाणविला. याच्या उलट ज्या इमारतीवर दोन कमळें व एक सूर्यबिंब चिकटवून इजिप्त आणल्याचा देखावा केला जातो, ती दहा वर्षांत जुनी दिसूं लागते. १९३८ सालचें इरॉस चित्रपटगृह आम्हांस आवडतें. पण त्याच्या पायऱ्यापायऱ्यांच्या मनोऱ्यास इजिप्शियन म्हणणारांस बाबिलोन व इजिप्त यांतील अंतर कोणी तरी सांगावयास हवें. या काळच्या मुंबईच्या इमारतींस २०१८ सालीं जागतिक वारशाचा मान मिळाला, तेव्हांपासून अशीं सैल विधानें फार ऐकूं येऊं लागलीं आहेत.

सैल विधानांचें हें पीक आतां आमच्या दारींही उगवेल, अशी भीति वाटते. सोलापुरी चादरीवर पायऱ्यांचे त्रिकोण व चौकटी असतात. उद्यां एखादा हुशार विक्रेता त्यांस 'पिरॅमिड नक्षी' म्हणेल आणि एखादा लेखक तिचा वंश गिझापर्यंत नेऊन पोंचवील. खरी गोष्ट अशी कीं, जाड सुताच्या जॅकार्ड मागावर तिरकी रेघ सरळ निघतच नाहीं. कांहीं धागे उचलावे, पुढच्या फेरीस एक घर सरकावें, पुन्हां उचलावे, असें करीत गेल्यानें तिरकी रेघ पायऱ्यांनीं चढते, आणि दोन्हीं बाजूंनीं चढली म्हणजे मधें शिखर होतें. सूत जितकें जाड तितकी पायरी मोठी. मोराची मान काढावयाची झाली तरी ती अशाच पायऱ्यांनीं वळवावी लागते. ज्या कारागिरानें त्यासाठीं पुठ्ठ्यांत पहिल्यानें भोकें पाडलीं, त्याला कैरो कोणत्या दिशेस आहे हें ठाऊक असण्याची जरूर पडली नव्हती.