दोघंही वाचतात म्हणे

(इशारा : या लेखात 'अ वे आऊट', 'इट टेक्स टू', 'मास इफेक्ट ३' आणि 'निअर : ऑटोमाटा' या गेम्सचे शेवट उघड केले आहेत. खेळायचे असतील तर आधी खेळून या. लेख कुठे पळून जात नाही.)

'एकच प्याला'च्या शेवटी सिंधू मरते. शंभर वर्षं ती मरतेच आहे. प्रयोगाहून डोळे पुसत बाहेर पडलेल्या कोणी 'रविवारच्या दुपारच्या खेळात ती वाचते म्हणे, फक्त पहिल्या अंकात ठरावीक जागी टाळ्या वाजवायला हव्यात' अशी वदंता पसरवल्याचं ऐकिवात नाही. नाटकाचा शेवट रुचला नाही तर प्रेक्षक नाटककाराला नावं ठेवतो आणि शेवटची बस पकडतो. व्हिडिओ गेम खेळणारा तसं करत नाही. त्याला वाटतं, चांगला शेवट असणारच, मला तो सापडला नाही एवढंच. मग शोध सुरू होतो, आणि शोधातून अफवा.

या अफवांकडे एरवी आपण पोरखेळ म्हणून बघतो. माझं म्हणणं असं आहे की गुप्त शेवटाची अफवा ही समीक्षाच असते. शेवट का पटला नाही हे नीट शब्दांत मांडता न आलेल्या माणसाने केलेली समीक्षा. आणि दोघांनी मिळून खेळायच्या कथाप्रधान गेम्समध्ये, म्हणजे ज्यांना आपण को-ऑप म्हणतो त्यांत, ती विशेष धारदार होते.

अफवांची परंपरा जुनी आहे. १९९७ साली 'फायनल फँटसी ७'मध्ये एरिथ मारली गेली आणि तिला परत आणायचे उपाय जगभरातल्या पोरांनी एकमेकांना सांगितले. गेममध्ये पुढे एकदा चर्चमधल्या फुलांपाशी ती क्षणभर दिसून नाहीशी होते. तेवढ्या ठिणगीवर वर्षानुवर्षं शेकोटी पेटली. 'डायब्लो'च्या पहिल्या भागात गावातल्या गायींवर ठरावीक वेळा क्लिक केलं तर गायींचा गुप्त प्रदेश उघडतो, अशी वावडी होती. असं काही नव्हतंच. पण ब्लिझर्ड कंपनीला गंमत वाटली. १९९८च्या 'स्टारक्राफ्ट'मध्ये त्यांनी 'गायींचा प्रदेश नाही' अशा अर्थाचं वाक्यच चीट कोड म्हणून ठेवलं, आणि २०००च्या 'डायब्लो २'मध्ये खरोखरच तो प्रदेश बनवून टाकला. वर्टचा लाकडी पाय आणि गावाकडे नेणाऱ्या मंत्राची पोथी जादूच्या पेटीत एकत्र केली की कुऱ्हाडी घेतलेल्या गायींचा कळप अंगावर येतो. वाचकांच्या अफवेपुढे लेखकाने अशी मान तुकवल्याची उदाहरणं साहित्यात फार नसतील.

आता मुख्य मुद्द्याकडे. 'अ वे आऊट' हा गेम मार्च २०१८मध्ये आला. स्टॉकहोमच्या हेझलाइट स्टुडिओने तो बनवला, दिग्दर्शक जोसेफ फारेस. हा माणूस मुळात सिनेमावाला. गेम एकट्याने खेळताच येत नाही. एक खेळाडू लिओ होतो, दुसरा व्हिन्सेंट. काळ १९७२, दोघं तुरुंगात. दोघांचाही शत्रू हार्वी नावाचा गुंड. तुरुंग फोडायचा, हार्वीला गाठायचं, सूड घ्यायचा, अशी ही सरळ कथा. पडदा जवळजवळ सतत दोन भागांत विभागलेला असतो आणि दोघं वेगवेगळ्या शहरांत बसून खेळत असले तरी तो तसाच राहतो. जोडीदार काय करतोय हे तुम्हाला सतत दिसतं.

या खेळाची खरी करामत ही की तो तुमच्याकडून विश्वासाची सवय करून घेतो. एकाने कोठडीची भिंत पोखरायची तर दुसऱ्याने पहारेकऱ्यावर नजर ठेवायची. एका उंच पोकळीत दोघं पाठीला पाठ लावून भिंतीवर पाय रोवत वर चढतात. त्या वेळी दोघांनी एकाच क्षणी बटण दाबावं लागतं, नाहीतर दोघंही घसरतात. मध्येच कुठे एकाने बँजो वाजवायचा, दुसऱ्याने पियानो. आणि कथेत जिथे जिथे दोन वाटा फुटतात (लिओची दांडगाईची आणि व्हिन्सेंटची सबुरीची) तिथे दोघांचं एकमत होईपर्यंत गेम पुढेच सरकत नाही. इथे बहुमताला जागा नाही. दोनच माणसं, म्हणून एकमत. हा नियम लक्षात ठेवा, कारण अफवेचं मूळ इथे आहे.

शेवटाकडे कळतं की व्हिन्सेंट पोलीस आहे. हार्वीने त्याच्या भावाला मारलं होतं, म्हणून तो कैदी बनून लिओपर्यंत पोचला. मग पाठलाग, गोळीबार, आणि अखेर दोघं घायाळ होऊन एकाच पिस्तुलाकडे सरपटत जातात. खेळाडूंनी एकच बटण जोरजोरात बडवायचं. जो आधी पोचेल तो दुसऱ्याला मारेल. शेवट दोन आहेत : लिओ मरतो किंवा व्हिन्सेंट मरतो. आधी एकमताने घेतलेल्या एकाही निर्णयाचा यावर परिणाम होत नाही.

'दोघंही वाचतात म्हणे' ही अफवा इथे जन्मते. पुलावरून न जाता पुलाखालून गेलं तर. पेट्रोल पंपावरच्या दरोड्यात पिस्तूल अमक्याच्या हाती दिलं तर. अखेरच्या झटापटीत दोघांनीही एकमेकांवर एकही गोळी झाडली नाही तर. शेवटची अट मला सर्वांत अर्थपूर्ण वाटते.

मी पेशाने सॉफ्टवेअरवाला, त्यामुळे आधी हिशेब करून टाकतो. समजा, कथेत दहा ठिकाणी दोन-दोन पर्याय आहेत. एकूण वाटा झाल्या दोनाचा दहावा घात, म्हणजे १०२४. एक खेळ सहा तासांचा धरला तर सगळ्या वाटा तपासायला ६१४४ तास. माणसं दोन लागतात, म्हणून १२,२८८ मनुष्यतास. कोणतीही जोडी एवढं खेळणार नाही. अफवा या न तपासलेल्या उरलेल्या जागेत सुखाने राहते. 'तुम्ही सगळ्या वाटा करून पाहिल्या का?' या प्रश्नाला कोणाकडेच 'हो' असं उत्तर नसतं.

पण नेमकी हीच अडचण गेम बनवणाऱ्यांचीही असते. १०२४ वाटा कोणी खरोखर लिहीत नाही. वाट फुटते, दहा मिनिटं वेगळी चालते आणि पुन्हा मूळ रस्त्याला मिळते. मागे घेतलेला निर्णय बहुतेक वेळा एखाद्या चलात शून्य किंवा एक म्हणून नोंदला जातो, आणि पुष्कळदा ते चल पुढे कोणी वाचतही नाही. शिवाय शेवट म्हणजे नुसती अट नव्हे. त्याला नटांचे आवाज लागतात, हालचालींचं चित्रण लागतं, संगीत लागतं, आणि हे सगळं तुमच्या डिस्कवर कुठेतरी जागा व्यापतं. आज गेमच्या फाइल्स उघडून आतला ऐवज चाळणारे हौशी लोक पुष्कळ आहेत. १९९७मध्ये अफवा अनेक वर्षं तग धरायची, आज तांत्रिकदृष्ट्या तिचं आयुष्य आठवड्याभराचं असायला हवं. तरीही ती मरत नाही. याचा अर्थ ती माहितीच्या अभावावर जगत नाही.

मी लिओ झालो होतो आणि माझा कॉलेजचा मित्र व्हिन्सेंट. तो बंगळुरूत, मी पुण्यात, कानाला हेडफोन. व्हिन्सेंट पोलीस असल्याचं उघड झालं तेव्हा त्याचं पहिलं वाक्य होतं, "अरे, आईशप्पथ, मला खरंच माहीत नव्हतं." आम्ही हसलो. नंतर माझ्या लक्षात आलं की या वाक्यात अख्ख्या गेमची समीक्षा आहे. व्हिन्सेंटने लिओला फसवलं हे कथेत ठीक आहे. पण त्याने स्वतःच्या खेळाडूलाही फसवलं. सहा तास ज्याच्या बोटांनी व्हिन्सेंट चालला, त्यालाच त्याचं गुपित ठाऊक नव्हतं. पडदा दुभागलेला होता, दोघांना एकमेकांचं सगळं दिसत होतं, आणि मुख्य गोष्ट कोणालाच दिसत नव्हती. म्हणजे शेवटी पिस्तुलाकडे सरपटणाऱ्यांत दोन गट आहेत. पडद्यावरचे दोघं एकमेकांचे वैरी झालेत. पडद्याबाहेरचे दोघं मात्र अजूनही एकाच बाजूला आहेत, आणि दोघंही सारखेच फसलेले. "दोघांनीही काही करायचं नाही, बघू काय होतं," असं मी म्हणालो. थोडा वेळ गेला. शेवटी तो म्हणाला, "उरक आता, उद्या दहाला मीटिंग आहे." मी उरकलं. दोन दिवसांनी त्याचा मेसेज आला : पुलाखालून गेलो असतो तर दोघंही वाचतात म्हणे.

तेव्हा अफवा काय म्हणते ते पाहा. तिला चमत्कार नको आहे. ती खेळाने स्वतःच शिकवलेला नियम खेळाला ऐकवते. एकमत झाल्याशिवाय पुढे जायचं नाही, असं तुम्हीच सांगितलंत ना? मग आमचं एकमत आहे की गोळी झाडायची नाही. आता?

यावर गेमची बाजू घेता येते. शोकांतिका म्हणजे ज्यातून वाट नाही ती. तिसरा शेवट ठेवला असता तर पहिले दोन 'चुकीचे' ठरले असते; लिओचा मृत्यू हा परीक्षेत नापास होण्यासारखा झाला असता. व्हिन्सेंटचं पत्र त्याच्या बायकोच्या दारात ठेवून जाणारा लिओ हे चित्र मग कोणाच्या मनात राहिलं असतं? हा युक्तिवाद मला मान्य आहे. तिसरा शेवट नाही हे बरंच झालं. पण तो नाकारायची पद्धत कमकुवत आहे. कोण मरणार हे ठरतं कशावर, तर कोणाची बोटं जलद चालतात यावर. सहा तास इच्छा आणि संमती यांवर चाललेली गोष्ट ऐन मोक्याच्या क्षणी जत्रेतल्या खेळासारखी बटण बडवण्यावर येते. मारायला नकार देणाऱ्याचा नकार गेमला ऐकूच जात नाही. नकार ऐकून घेऊन, 'तरीही सुटका नाही' असं गेमने दाखवलं असतं, तर अफवेला पाय फुटले नसते. अफवा बोट ठेवते ते नेमकं या दुखऱ्या जागेवर.

याच स्टुडिओच्या 'इट टेक्स टू'मध्ये (२०२१, त्या वर्षीच्या 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये सर्वोत्कृष्ट गेम) हीच खोड उलट्या रूपात दिसते. घटस्फोटाच्या बेतात असलेले कोडी आणि मे बाहुल्या होऊन बसतात. मुलगी रडली तर आपण परत माणसं होऊ, या समजुतीने ते तिचा लाडका खेळण्यातला हत्ती, क्यूटी, कड्यावरून ढकलून देतात. ती गयावया करत असते आणि दोन खेळाडूंना मिळून तिला ओढावं लागतं. क्यूटीला वाचवता येतं का, हा प्रश्न बहुतेक प्रत्येक जोडी एकमेकांना विचारते. येत नाही. इथे एकमत आहे, पण ते जबरदस्तीचं. विनोदी म्हणून लिहिलेला प्रसंग अंगावर येतो तो त्यामुळेच. आईबापांचा स्वार्थ दाखवायला हे योग्यच होतं, पण पुढे गेम त्याची किंमत वसूल करत नाही, आणि राहिलेली उधारी खेळाडू 'गुप्त वाट असेल' या आशेच्या खात्यावर मांडतात.

गुप्त शेवट खरोखर ठेवला म्हणजे प्रश्न सुटतो, असंही नाही. 'मास इफेक्ट ३'मध्ये (मार्च २०१२) तो होता. सैन्यबळाचा आकडा पुरेसा असेल आणि विनाशाचा पर्याय निवडला, तर ढिगाऱ्यात शेपर्ड एक श्वास घेताना दिसतो. पण तो आकडा गाठायला सुरुवातीला व्यवहारात मल्टिप्लेअर को-ऑप खेळणं भाग होतं. ओरड झाली आणि जूनमधल्या विस्तारित आवृत्तीत अट शिथिल केली गेली. इथे सहकार्य शेवटाशी जोडलं होतं, पण रेशन कार्डावर शिक्का मारावा तसं. सोबत्याशी तुमचं नातं काय, याचा त्या श्वासाशी संबंध नव्हता.

संबंध कसा जोडता येतो ते २०१७च्या 'निअर : ऑटोमाटा'ने दाखवलं, आणि तो तर एकट्याने खेळायचा गेम. त्याच्या शेवटच्या श्रेयनामावलीत बनवणाऱ्यांची नावंच तुमच्यावर गोळ्या झाडतात. एकट्याने तगून राहणं जवळपास अशक्य. पुन्हा पुन्हा हरलात की जगभरातल्या अनोळखी खेळाडूंची मदत देऊ केली जाते, त्यांची यानं तुमच्याभोवती कडं करतात आणि तुम्ही पार होता. मग गेम विचारतो : तुम्हीही कोणाला अशी मदत कराल? त्यासाठी तुमची सगळी सेव्ह फाइल पुसली जाईल. ज्याला मदत मिळेल तो तुम्हाला न आवडणाराही असू शकेल. 'हो' म्हटलंत तर कित्येक तासांची मेहनत खरोखर पुसली जाते. 'नाही' म्हणायची मुभाही खरी असते.

फरक एवढाच. 'निअर' प्रश्न विचारतो आणि उत्तर ऐकण्याइतका वेळ थांबतो. 'अ वे आऊट' प्रश्न विचारल्यासारखं करतो आणि हातात बटण देतो. म्हणून तिसऱ्या शेवटाची अफवा खोटी असूनही मला ती खोडून काढावीशी वाटत नाही. ती पसरवणारे गेम नीट न समजलेले लोक नाहीत. सहा तास त्यांनी तो जरा जास्तच मनापासून खेळलेला असतो, पाठीला पाठ लावून, एका ठेक्यात बटण दाबत. मित्राला मी फाइल्सचा, वाटांचा सगळा हिशेब सांगितला. त्याने तो शांतपणे ऐकून घेतला आणि विचारलं, "ते ठीक आहे रे. पण पुलाखालून एकदा जाऊन बघायचं का?"

शनिवारी वेळ काढलाय. या वेळी मी व्हिन्सेंट होणार आहे.