छायालेखकाचें श्रेय

बोलपटाचें गुणवर्णन करतांना आपले टीकाकार पुष्कळदा नटाचा अभिनय, कथेची ठेवण व दिग्दर्शकाची कल्पकता यांजपाशींच थांबतात. केशवराव धायबर यांच्या वांट्यास ही उपेक्षा विशेष आली. १९२९ सालीं कोल्हापुरांत 'प्रभात'चा पाया घालणाऱ्या पांच भागीदारांपैकीं ते एक. 'अयोध्येचा राजा' (१९३२) व 'अमृतमंथन' (१९३४) या बोलपटांचें छायालेखन त्यांचेंच. हिंदी 'अमृतमंथना'तील राजगुरूचा, सारा पडदा व्यापणारा डोळा रसिकांच्या स्मरणांत आहे. त्याबद्दल चंद्रमोहन व शांताराम यांची वाहवा होते, ती रास्तच होय. परंतु नटाची मुद्रा रंगभूमीवरही दिसते. एकट्या डोळ्याकडून सारा प्रसंग वदविणें हें भिंगाचें व प्रकाशाचें काम. तेथें कल्पना एकाची आणि कारागिरी दुसऱ्याची, अशी वांटणी आम्हांस मान्य नाहीं. पुढें १९३६ सालीं 'राजपूत रमणी' दिग्दर्शित केल्यावर धायबर 'प्रभात'मधून बाहेर पडले. दिग्दर्शक म्हणून त्यांस तितकी कीर्ति लाभली नाहीं. पण तेवढ्यानें त्यांचें मूळ कर्तृत्व उणें ठरत नाहीं. चित्रपट ही पाहावयाची कला असें आपण म्हणतों. मग ज्यानें आपणांस पाहावयास शिकविलें, त्याचें नांव श्रेयाच्या यादींत शेवटीं कां?